मुद्देमाल कारकून कुठे आहे?

टी.व्ही.च्या पडद्यावर पोलीस खाते चालवायला तीनच गोष्टी पुरतात, असे माझे अनेक वर्षांच्या निरीक्षणानंतर झालेले मत आहे : एक जीप, एक प्रयोगशाळा आणि एक कच्चा दरवाजा. एवढा सरंजाम असला की खून कितीही गुंतागुंतीचा असो, जाहिराती धरून तासाभरात उलगडतो. आमच्या बँकेत हरवलेल्या पासबुकाची दुसरी प्रत मिळायला याहून जास्त वेळ लागतो, आणि तिथे तर कुणी मेलेलेही नसते.

मी साधा बी.कॉम. समीक्षा हा माझा प्रांत नव्हे. पण बावीस वर्षे काउंटरच्या आत बसल्यामुळे माझ्या नजरेला एक खोड लागली आहे. नाटकात नायक खलनायकाच्या तोंडावर नोटांचे बंडल फेकतो तेव्हा बाकीचे प्रेक्षक टाळ्या वाजवतात. मी बंडलाला स्लिप आहे का आणि स्लिपवर सही-शिक्का आहे का, ते बघतो. वकील कोर्टात कागद फडकावतो तेव्हा तो ओरिजिनल की झेरॉक्स, हा विचार मला स्वस्थ बसू देत नाही. सौ. म्हणते, "तुम्हांला तिकीट काढून नाटकाला नेण्यापेक्षा घरी बसून लेजर वाचायला दिलेलं बरं."

तर या खोडीपायी पोलिसी मालिका बघताना मला कित्येक वर्षे एकच प्रश्न छळतो आहे. खुनी कोण, हा नव्हे. तो शेवटी कळतोच, आणि बहुधा तो घरातला सर्वांत सभ्य इसम असतो. माझा प्रश्न असा, की या पोलिसांचा कारकून कुठे आहे?

आता 'सीआयडी'च घ्या. ही मालिका जानेवारी १९९८ मध्ये सुरू झाली आणि २०१८ पर्यंत चालली. वीस वर्षे सेवा झाली की आमच्याकडे स्वेच्छानिवृत्ती मागता येते. मालिकेने ती घेतली आणि डिसेंबर २०२४ मध्ये परत येऊन हजेरीपटावर सही केली. दीड हजारांवर भाग झाले. एसीपी प्रद्युम्न म्हणजे आपले शिवाजी साटम. हे गृहस्थ एके काळी सेंट्रल बँकेत नोकरीला होते, ही गोष्ट महाराष्ट्रातल्या यच्चयावत बँकवाल्यांना तोंडपाठ आहे. 'सीआयडी'वाल्या बी. पी. सिंगांनी त्याआधी मुंबई दूरदर्शनवर 'एक शून्य शून्य' नावाची मराठी मालिका केली होती, तीतही साटम होतेच. म्हणजे आमच्यातला माणूस पार पोलीस खात्याच्या शिखरावर जाऊन बसला, याचा आम्हांला कोण अभिमान! पण त्याच अभिमानात एक सल आहे. एका बँकवाल्याने वीस वर्षे गुन्हेगार पकडले, आणि त्या वीस वर्षांत एकदाही व्हाउचर केले नाही!

प्रेत सापडते. एसीपीसाहेब खाली वाकतात, हवेत बोटे फिरवतात आणि विचारात पडतात. इथपर्यंत ठीक. पण पंचनामा? "पंचांसमक्ष पाहणी केली असता प्रेत उताणे, डोके पूर्वेस, पाय पश्चिमेस, अंगात निळसर शर्ट, खिशात रोख रुपये अमुक" हे कोण लिहिणार? घटनास्थळाच्या चतुःसीमा कोण टाकणार? झडती घ्यायची तर त्याच भागातले दोन स्वतंत्र आणि प्रतिष्ठित रहिवासी पंच म्हणून बोलवावेत, असे कायदा सांगतो. वीस वर्षांत त्या टोळीने एकाही शेजाऱ्याची बेल वाजवून "अहो काका, जरा दहा मिनिटं येता का, सही करायची आहे" असे म्हटलेले माझ्या पाहण्यात नाही. बेल वाजवायची म्हणजे दरवाजा शाबूत पाहिजे ना! तो दयाने तोडलेला असतो. तोडलेल्या दरवाज्याचा खर्च हे लोक कोणत्या हेडखाली टाकतात, हे मला एकदा साटमसाहेबांना, जुन्या बँक-बांधवाच्या नात्याने, विचारायचे आहे.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या कायद्याने तर झडती-जप्तीचे चित्रीकरण करणेही सक्तीचे केले आहे. म्हणजे खऱ्या पोलिसांच्या हाती कॅमेरा आला, पण कॅमेऱ्यातल्या पोलिसांच्या हाती अजून पंचनामा आला नाही.

प्रयोगशाळेचे तेच. डॉ. साळुंखे एका नळीत निळे पाणी ओततात, ते गुलाबी होते, आणि मयताने रात्री काय खाल्ले, ते कुणी वाढले आणि वाढणारीचा डावा हात दुखत होता का, हे सगळे उभ्या उभ्या कळते. खऱ्या प्रयोगशाळेकडे व्हिसेरा जातो तो सील करून, लेबल लावून, पोहोच घेऊन; आणि अहवाल यायला महिने जातात. साळुंख्यांच्या अहवालाला जावक क्रमांकच नसतो. तोंडी अहवाल! आमच्याकडे शिपायाने तोंडी रजा मागितली तरी साहेब म्हणतात, "लिहून दे."

मग येते थप्पड. ही पडली की आरोपी खुनाचा हेतू, वेळ, हत्यार कुठून आणले, सगळे एका दमात सांगतो. आता गंमत बघा. पोलिसापुढे दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालत नाही. १८७२ च्या पुरावा कायद्यात हे २५व्या कलमात लिहून ठेवले होते. २०२४ मध्ये तो कायदा जाऊन भारतीय साक्ष्य अधिनियम आला, तरी ही तरतूद नुसता नंबर बदलून २३व्या कलमात जाऊन बसली. चौकीच्या बंद खोलीत माणूस वाटेल ते कबूल करतो, हे राणीच्या राज्यातल्या गोऱ्या साहेबालासुद्धा ठाऊक होते. आम्हां प्रेक्षकांना मात्र थप्पड ऐकू आली की न्याय झाल्यासारखे वाटते. मालिकेतली एकही केस खऱ्या कोर्टात नेली, तर आरोपी दुपारच्या चहाच्या आत सुटून, वर पुन्हा दरवाज्याची भरपाई मागेल.

तुम्ही म्हणाल, करमणुकीची गोष्ट आहे, तिच्यात कसले आले आवक-जावक? मलाही बरेच दिवस असेच वाटत होते. पण एकदा मला खरे पोलीस ठाणे आतून बघायला मिळाले. बनावट नोटांविषयी रिझर्व्ह बँकेचा नियम असा आहे, की एका व्यवहारात चारपर्यंत सापडल्या तर त्यांचा अहवाल महिनाअखेर एकत्र पोलिसांकडे पाठवायचा. पाच किंवा जास्त सापडल्या तर एफ.आय.आर. दाखल करायचा. एका दुकानदाराच्या भरण्यात पाचशेच्या नेमक्या पाच निघाल्या. चार निघत्या तर मी साडेपाचच्या गाडीने घरी गेलो असतो. पाचवीच्या कृपेने आमच्या अधिकाऱ्यांबरोबर ठाण्यावर गेलो.

चार तास बसलो. त्या चार तासांत कुणी जीप पळवली नाही. ठाणे अंमलदार कॉम्प्युटरवर तक्रार टाइप करीत होते आणि मधूनमधून "सर्व्हर डाउन" म्हणून खुर्चीला टेकत होते. तो उच्चार ऐकून मला माहेरी आल्यासारखे वाटले. एका बाईंची चेन गेली होती, त्या हुंदके देत होत्या. एक म्हातारबाबा, मुलगा जेवायला घालत नाही म्हणून आले होते. हवालदार बाईंना म्हणाला, "मावशी, आधी पाणी प्या. मग रडा. मग तारीख सांगा." इतका समंजस संवाद मी कुठल्याच मालिकेत ऐकलेला नाही.

आणि तिथे मला तो भेटला. मुद्देमाल कारकून! जप्त केलेली प्रत्येक वस्तू ज्याच्या ताब्यात असते तो. कपाळावर चष्मा, पुढ्यात भलेमोठे रजिस्टर, शेजारी सुतळी, लाख आणि मेणबत्ती. त्याने आमच्या पाच नोटांचे नंबर स्वतः वाचले, मला वाचायला लावले, पुन्हा स्वतः वाचले. "हा सहा आहे का आठ, नीट सांगा. दोन वर्षांनी कोर्टात वकील हेच विचारणार." पाकिटावर लाखेचे सील मारताना त्याची जीभ किंचित बाहेर आली होती. आमच्या कॅश डिपार्टमेंटमध्येही इतक्या मायेने बंडल बांधणारा माणूस मी पाहिलेला नाही. एवढी वर्षे ज्याला मी पडद्यावर शोधत होतो तो हाच, आणि सगळी केस याच्या सुतळीवर टांगलेली असते!

सगळी ठाणी अशीच असतात, असा माझा दावा नाही. तक्रारदाराला या टेबलावरून त्या टेबलावर फिरवणारेही पुष्कळ आहेत. दखलपात्र गुन्ह्याची खबर आली तर एफ.आय.आर. नोंदवलाच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाला २०१३ मध्ये ललिता कुमारी खटल्यात बजावावे लागले, यातच काय ते आले. पण निदान असा काही निकाल आहे, हे किती प्रेक्षकांना ठाऊक आहे? सब टी.व्ही.वर २००६ पासून नऊ वर्षे 'एफ.आय.आर.' नावाची विनोदी मालिका चालली. चंद्रमुखी चौटाला दंडुका आपटून सगळ्यांना सरळ करीत असे. आमच्या घरी सगळ्यांनी ती पोट धरधरून पाहिली. एफ.आय.आर.ची प्रत तक्रारदाराला फुकट मिळते, हे तिच्यातून आमच्या घरात कुणाला कळले नाही.

आमच्या सासूबाईंचे दैवत वेगळे. त्या 'क्राइम पेट्रोल'च्या भक्त. २००३ साली सुरू झालेली ही मालिका खऱ्या घटनांवर बेतलेली असते, तिच्यात थोडाफार कागद दिसतो, आणि अनूप सोनी हात जोडून सावध राहायला सांगत, ते सांगणेही वाजवी असे. पण सासूबाई इतक्या सावध झाल्या, की गॅसवाल्याला दाराबाहेर उभा करून त्याचे आधार कार्ड मागतात. जॉर्ज गर्बनर नावाच्या अमेरिकन प्राध्यापकाने फार पूर्वीच म्हणून ठेवले आहे, की जो माणूस टी.व्ही. जास्त बघतो त्याला जग आहे त्याहून जास्त दुष्ट वाटू लागते. गर्बनरसाहेबांना बिचाऱ्यांना बरीच वर्षे संशोधन करावे लागले. आमच्या गॅसवाल्याला विचारले असते तर दोन मिनिटांत काम झाले असते.

चांगल्या मालिका झाल्याच नाहीत असे नव्हे. १९८९ साली दूरदर्शनवर 'उडान' लागायची. कविता चौधरी यांनीच ती लिहिली, दिग्दर्शित केली आणि कल्याणी सिंगची भूमिकाही त्यांनीच केली. ही गोष्ट त्यांच्या सख्ख्या बहिणीच्या आयुष्यावरून घेतलेली होती. त्या कांचन चौधरी पुढे २००४ मध्ये उत्तराखंडच्या पोलीस महासंचालक झाल्या, देशातल्या अशा पहिल्या महिला. 'उडान'मधली पोलीस अधिकारी अभ्यास करते, परीक्षा देते, ट्रेनिंगमध्ये धापा टाकते. ती आकाशातून जीपमध्ये पडत नाही. मी तेव्हा शाळेत होतो. आमच्या आळीतल्या दोन ताया त्या वर्षी पहाटे उठून पळायला लागल्या होत्या. पुढे एक बँकेत लागली आणि एक एल.आय.सी.त, पण पळत होत्या हे खरे. अलीकडच्या 'पाताल लोक'मधला हाथीराम चौधरी किंवा 'दिल्ली क्राइम'मधली पथके हीही माणसे वाटतात : थकलेली, घरी उशिरा पोचणारी, वरिष्ठांच्या फोनला दचकणारी. 'दिल्ली क्राइम'ने पोलिसांची बाजू जरा जास्तच घेतली असा आक्षेप काहींनी घेतला, आणि तो अगदीच खोटा नाही; पण निदान तिथे तपास म्हणजे पायपीट असते, बोटे फिरवणे नव्हे.

बाकी सगळीकडे तडकाफडकी न्यायाचीच चलती. १९८३ च्या 'अर्धसत्य'मध्ये सब-इन्स्पेक्टर वेलणकरच्या मारहाणीत कोठडीतला एक भुरटा चोर मरतो. पानवलकरांच्या 'सूर्य' कथेवरून तेंडुलकरांनी पटकथा लिहिली होती. बघणारा खिन्न होऊन घरी जाई. पुढे २०११ चा 'सिंघम' आला आणि तीच मारहाण बघून पोरे शिट्ट्या फुंकायला लागली. २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी जाहीर भाषणात सिंघमचे नाव घेऊन सांगितले, की असा झटपट न्याय लोकांना घातक शिकवण देतो. शिट्टी वाजवणाऱ्याला वाटते, कागदपत्रे ही गुन्हेगाराची सोय आहे. ती आपली सोय आहे, हे त्याच्या ध्यानातच येत नाही. पोलिसाला काहीही करता येते, अशी ज्याची खात्री झाली, त्याला पोलिसाच्या वेषात कुणीही काहीही करू शकतो.

हे मी हवेत बोलत नाही. डिसेंबर २०२४ मधली गोष्ट. आमच्या शाखेत एक निवृत्त मुख्याध्यापक येतात. सगळे त्यांना गुरुजी म्हणतात. त्या दिवशी आले ते सहा लाखांची मुदत ठेव मोडायला. पैसे आर.टी.जी.एस.ने परराज्यातल्या कुठल्याशा ट्रेडिंग कंपनीच्या खात्यावर पाठवायचे होते. आता हेच गुरुजी व्याज ११ रुपयांनी कमी लागले म्हणून पूर्वी तीन अर्ज देऊन गेलेले. आणि आज मुदतीआधी ठेव मोडली तर किती कापणार, हे न विचारता फॉर्मवर सही करतात? इथे माझ्यातला एसीपी प्रद्युम्न जागा झाला. पाहिले तर शर्टाच्या खिशात मोबाइल उभा ठेवलेला, कॅमेरा बाहेरच्या बाजूला.

मी काही बोललो नाही. पे-इन स्लिप उलटी केली, मागे लिहिले, "फोनवर पोलीस आहेत का?" आणि सहीसाठी पुढे करतात तशी पुढे केली. गुरुजींनी वाचली. खाली वळणदार अक्षरात लिहिले : "होय. सी.बी.आय." टिंबे एकूण एक जागच्या जागी. हात मात्र कापत होता.

साहेबांनी त्यांना केबिनमध्ये नेले, फोन बंद करून ड्रॉवरमध्ये टाकला. हळूहळू सगळे बाहेर आले. तुमच्या नावाच्या पार्सलात अमली पदार्थ सापडले आहेत, तुम्हांला 'डिजिटल अरेस्ट' केले आहे, असे सांगून गुरुजींना दोन दिवस कॅमेऱ्यापुढे बसवून ठेवले होते. झोपतानाही कॅमेरा चालू. बायकोला सांगायचे नाही, बँकेने विचारले तर घरगुती काम म्हणायचे. आदल्या दिवशी दुसऱ्या एका बँकेतून १ लाख ४० हजार गेलेही होते. अशी कुठलीही अटक कायद्यात नाही, हे पंतप्रधानांनी २७ ऑक्टोबरच्या 'मन की बात'मध्ये सांगितले होते, आणि गुरुजींनी तो कार्यक्रम ऐकलाही होता.

"मग तुम्ही विश्वास कसा ठेवलात?" साहेबांनी विचारले.

"अहो, खरोखरचे पोलीस होते ते! मागे झेंडा, भिंतीवर मोठा नकाशा, वायरलेसचा आवाज. साहेब ओरडला की हाताखालचा सॅल्यूट ठोकायचा. हुबेहूब टी.व्ही.त दाखवतात तस्सं."

"गुन्हा नंबर काय सांगितला? कुठलं पोलीस स्टेशन? नोटीस?"

"गुन्ह्याला नंबर असतो?" गुरुजी म्हणाले.

सदतीस वर्षे मुलांना नागरिकशास्त्र शिकवलेला माणूस. अटक केली तर चोवीस तासांच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यापुढे उभे करावे लागते, हे राज्यघटनेतले बाविसावे कलम त्यांनी फळ्यावर लिहून कितीदा घोकून घेतले असेल. पण पुस्तकातले कलम त्यांनी कधी घडताना पाहिले नव्हते, आणि जे रोज रात्री घडताना पाहिले त्यात कलम नव्हते.

१९३० या नंबरावर फोन लावला, तक्रार नोंदवली आणि मी गुरुजींना रिक्षात घालून ठाण्यावर नेले. आत शिरताच त्यांनी चौफेर नजर फिरवली. भिंतीचा पोपडा निघालेला. गठ्ठ्यांवर गठ्ठे. एक हवालदार डब्यातली मटकीची उसळ संपवत होता. नकाशा नाही, सॅल्यूट नाही, कुणी ओरडतही नाही. गुरुजी माझ्या कानाशी लागले, "हे नक्की खरे आहेत ना?"

हवालदाराने हात धुतले, रुमालाला पुसले. "बसा गुरुजी. तक्रार मराठीत घेऊ ना? आणि आधार कार्डाच्या आणि पासबुकाच्या दोन-दोन झेरॉक्स लागतील. कोपऱ्यावर दुकान आहे."

दोन दिवसांत पहिल्यांदाच गुरुजींचा चेहरा सैलावला. त्या भामट्यांनी दोन दिवस एवढा तमाशा केला, पण झेरॉक्स एकदाही मागितली नव्हती.

१ लाख ४० हजारांपैकी ३२ हजार पलीकडच्या खात्यात गोठवले गेले. बाकीचे निघून गेले होते. हे तेव्हा कुणालाच ठाऊक नव्हते. हवालदार विचारत होता, गुरुजी सांगत होते, प्रिंटर कुरकुरत होता. साडेआठला एफ.आय.आर.ची प्रत हातात आली. गुरुजींनी चष्मा लावून ती तिथेच उभ्याने पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली, आणि खिशातले लाल पेन काढून हवालदाराला दोन वेलांट्या दाखवल्या.